त्या रविवारचा धडा



अमेरिकेच्या अलाबामा राज्यात बर्मिंगहॅम नावाचं लोखंड-पोलादाच्या कारखान्यांचं शहर आहे. तिथल्या सिक्स्टीन्थ स्ट्रीट बॅप्टिस्ट चर्चमध्ये १५ सप्टेंबर १९६३ रोजी तरुणांचा रविवार होता. आपल्या मंडळ्यांत असतो तसाच. अकराच्या उपासनेत मोठ्यांची कामं मुलांनी करायची, गायनाला मुलं उभी राहायची, दाराशी थांबून लोकांना जागा दाखवायला मुली. त्याआधी शब्बाथशाळा. त्या सकाळचा धडा मत्तयाच्या पाचव्या अध्यायातला होता आणि त्याचा विषय होता क्षमा करणारी प्रीती.

तळघरातल्या स्त्रियांच्या खोलीत पाच मुली आवरत होत्या. ॲडी मे कॉलिन्स, सिंथिया वेस्ली आणि कॅरोल रॉबर्टसन या तिघी १४ वर्षांच्या, डेनीस मॅकनेअर ११ वर्षांची आणि ॲडीची धाकटी बहीण सारा १२ वर्षांची. डेनीसने ॲडीला आपल्या फ्रॉकचा पट्टा मागून बांधून द्यायला सांगितलं. साराने शेवटचं पाहिलं ते एवढंच, की बहिणीचे हात त्या पट्ट्याकडे गेले. १० वाजून २२ मिनिटांनी बाहेरच्या पायऱ्यांखाली लपवलेला डायनामाइट फुटला. चौघी मुली गेल्या. सारा वाचली, पण तिचा उजवा डोळा कायमचा गेला.

चर्चच्या रंगीत काचांच्या एका खिडकीत लहान मुलांना घेऊन चाललेल्या येशूचं चित्र होतं. खिडकीची चौकट राहिली, चित्रही बरंचसं राहिलं, फक्त येशूचा चेहरा उडून गेला. ही कुणी रचलेली कथा नाही. त्या खिडकीची छायाचित्रं तेव्हाच वर्तमानपत्रांत छापून आली होती.

त्या धड्याचं पुढे काय झालं, हा प्रश्न मला बरेच दिवस सोडत नाही. क्षमा करायची तर कुणाला? त्या दिवशी कुणी पुढे येऊन ‘हे आम्ही केलं’ असं म्हटलं नाही, आणि पुढची अनेक वर्षं कुणावर खटलाही उभा राहिला नाही. ही सगळी वर्षं तो विषय मिटू दिला नाही तो मुख्यतः त्या मुलींच्या घरच्यांनी आणि काही गाण्यावाजवणाऱ्यांनी. पुढे एका चित्रपटानेही ते काम केलं. आज त्यांच्याविषयी लिहायचं आहे.

थोडी पार्श्वभूमी सांगायला हवी. बर्मिंगहॅममध्ये गोऱ्या आणि काळ्या लोकांच्या शाळा वेगळ्या, उपाहारगृहं वेगळी, पाण्याचे नळसुद्धा वेगळे होते. हे सगळं कायद्याने. या व्यवस्थेविरुद्ध बोलणाऱ्यांच्या घरांवर बॉम्ब पडत. १९४७ ते १९६५ या काळात शहरात पन्नासच्या आसपास असे स्फोट झाले, म्हणून लोक त्याला ‘बॉम्बिंगहॅम’च म्हणू लागले होते. १९६३च्या एप्रिलमध्ये मार्टिन ल्यूथर किंग तिथल्या तुरुंगात होते. आठ गोऱ्या धर्मगुरूंनी वर्तमानपत्रात निवेदन देऊन आंदोलकांना धीर धरायला सांगितलं होतं, त्याला उत्तर म्हणून किंग यांनी तुरुंगातून ते प्रसिद्ध पत्र लिहिलं. ते आठही जण दुष्ट नव्हते. ते सौम्य, सुशिक्षित, आपल्यातुपल्यासारखे लोक होते, आणि पत्रातली सगळ्यात मोठी खंत अशाच लोकांविषयी आहे. मग मे महिन्यात शेकडो शाळकरी मुलं सिक्स्टीन्थ स्ट्रीट चर्चच्या दारातून गात बाहेर पडली आणि त्यांच्यावर पोलिसांनी कुत्रे सोडले, आगीच्या बंबांचे फवारे मारले. म्हणून स्फोटासाठी नेमकं हे चर्च निवडलं गेलं. मुलं इथूनच निघाली होती.

स्फोट घडवणारे लोक कू क्लक्स क्लॅन या संघटनेचे होते. इथे एका जुन्या चित्रपटाची गोष्ट सांगावी लागते, कारण चित्रपट आणि वंशद्वेषी हिंसा यांचं नातं निषेधापासून सुरू होत नाही. १९१५ साली डी. डब्ल्यू. ग्रिफिथ याचा ‘द बर्थ ऑफ अ नेशन’ आला. तीन तासांचा मूकपट, तंत्राच्या दृष्टीने त्या काळी थक्क करणारा. त्यात क्लॅनचे लोक नायक आहेत. ज्या कादंबरीवर तो बेतला तिचा लेखक टॉमस डिक्सन हा एके काळी बॅप्टिस्ट पाळक होता. मूळची क्लॅन तोवर केव्हाच मोडून गेली होती. चित्रपट आला त्याच वर्षी जॉर्जियातल्या एका डोंगरावर ती पुन्हा उभी केली गेली, आणि उभी करणारा विल्यम सिमन्स पूर्वी मेथडिस्ट उपदेशक होता. त्या रात्री त्यांनी क्रूस पेटवला. जुन्या क्लॅनमध्ये क्रूस पेटवण्याची चाल नव्हतीच. ती आली डिक्सनच्या कादंबरीतून आणि ग्रिफिथच्या पडद्यावरून. म्हणजे आपल्या तारणाऱ्याची खूण दहशतीची मशाल झाली ती एका उपदेशकाच्या लेखणीतून, आणि ती घराघरांत पोहोचवली एका चित्रपटाने. क्लॅनच्या सभांत वेदीवर पवित्र शास्त्र उघडून ठेवत असत. कुठलं पान? रोमकरांस पत्र, अध्याय बारावा. घरी जाऊन तो अध्याय जरूर वाचा. त्यात सूड न घेण्याविषयी आणि छळ करणाऱ्यांना आशीर्वाद देण्याविषयी काय सांगितलं आहे ते पाहा, आणि त्या पानासमोर बसून हे लोक काय ठरवत असतील याचा विचार करा.

निषेधाच्या गाण्यांत सगळ्यात आधी नाव घ्यावं लागतं ‘स्ट्रेंज फ्रूट’चं. जमावाने काळ्या माणसांना झाडाला टांगून मारणं हे दक्षिणेकडच्या राज्यांत दशकानुदशकं चाललं होतं, आणि अशा दृश्यांची छायाचित्रं पोस्टकार्डांसारखी विकली जात. एबल मीरोपोल या न्यूयॉर्कच्या ज्यू शाळामास्तरांनी असं एक छायाचित्र पाहून कविता लिहिली. बिली हॉलिडे ती १९३९पासून न्यूयॉर्कच्या ‘कॅफे सोसायटी’त गाऊ लागली. तिची नेहमीची रेकॉर्ड कंपनी कोलंबिया हे गाणं काढायला तयार झाली नाही, तेव्हा एका लहान कंपनीने ते काढलं. कॅफेत या गाण्याचा नियम ठरलेला असे. हे शेवटचंच गाणं. वाढपी जिथे असतील तिथे थांबत, दिवे विझत, फक्त तिच्या चेहऱ्यावर प्रकाश. गाणं संपलं की पूर्ण अंधार, आणि दिवे लागेपर्यंत ती निघून गेलेली. दारूच्या ग्लासांमध्ये त्या लोकांनी काही मिनिटं शुभ शुक्रवार पाळला असंच मला ते वाचताना वाटलं. जेम्स कोन या धर्मपंडिताने पुढे २०११ साली वधस्तंभ आणि ते फासाचं झाड शेजारी ठेवून एक पूर्ण पुस्तक लिहिलं. त्यात त्याची तक्रार अशी, की अमेरिकेच्या नामांकित ईश्वरविज्ञान्यांना हे साम्य दिसलंच नाही. ते दिसलं ते गाणाऱ्यांना.

आता पुन्हा त्या रविवाराकडे.

नीना सिमोनने स्फोटाची बातमी ऐकली तेव्हा ती न्यूयॉर्कजवळच्या आपल्या घरी होती. तिचं पाळण्यातलं नाव युनिस वेमन. जन्म १९३३चा, नॉर्थ कॅरोलिनातल्या ट्रायन या लहान गावातला. आई मेथडिस्ट मंडळीत उपदेश करणारी आणि मुलगी पाय पेडलपर्यंत नीट पोहोचायच्या आधीपासून उपासनेत पियानो वाजवणारी. तिची पहिली जाहीर मैफल झाली तेव्हा आईबापांना पुढच्या रांगेतून उठवून मागे बसवलं, कारण पुढच्या जागा गोऱ्यांना हव्या होत्या. ते पुढे येऊन बसेपर्यंत वाजवणार नाही, असं त्या लहान पोरीने सांगितलं, आणि तसंच केलं.

त्या वर्षीच्या जून महिन्यात मिसिसिपी राज्यात मेडगर एव्हर्स या कार्यकर्त्याला त्याच्या घराच्या दारात गोळी घातली होती. त्यावर ही बातमी आली. नीनाने आपल्या आत्मकथेत सरळ लिहिलं आहे, की तिने घरातली हत्यारं गोळा केली आणि स्वतः बंदूक बनवायला बसली. कुणाला तरी मारायचं एवढंच डोक्यात होतं. तिचा नवरा पूर्वी पोलिसांत होता. त्याने ते पाहिलं आणि म्हणाला, तुला मारण्यातलं काही कळत नाही, तुझ्यापाशी आहे ते संगीत. ती पियानोपाशी बसली आणि तासाभरात ‘मिसिसिपी गॉडॅम’ तयार झालं.

या गाण्याच्या नावातच देवाचं नाव घेऊन शिवी आहे. आपल्यापैकी पुष्कळांना ते खटकेल, आणि खटकावं. एका उपदेशिकेच्या मुलीला तो शब्द म्हणजे काय हे आपल्याहून जास्त ठाऊक होतं. चाल उडती आहे, नाटकातल्या विनोदी गाण्यासारखी. १९६४च्या मार्चमध्ये कार्नेगी हॉलमध्ये ते ध्वनिमुद्रित झालं. त्या मुद्रणात लोक आधी हसतात आणि मग हळूहळू हसायचे थांबतात, ते स्पष्ट ऐकू येतं. ‘सबुरीने घ्या’ असं सांगणाऱ्यांवर त्या गाण्याचा रोख आहे, म्हणजे पुन्हा तेच आठ धर्मगुरू. दक्षिणेत रेडिओवर ते वाजेना. एका विक्रेत्याने तबकड्यांची पेटी परत पाठवली, तर आतली प्रत्येक तबकडी मधोमध मोडलेली. १९६५च्या मार्चमध्ये सेल्मा ते माँटगोमेरी ही पदयात्रा निघाली. तिच्या शेवटच्या मुक्कामी रात्री नीनाने हेच गाणं गायलं, आणि तो मुक्काम एका कॅथोलिक संस्थेच्या आवारात होता. फादरांनी काय चेहरा केला असेल कोण जाणे. पण दार उघडं ठेवलं होतं, हे महत्त्वाचं.

देवाचं नाव व्यर्थ घेऊ नये, ही आज्ञा आहेच. माझं मत विचाराल तर त्या आठवड्यात ती आज्ञा सगळ्यात जास्त मोडली ती वेदीवर बायबल उघडून डायनामाइट वाटणाऱ्यांनी. गाणाऱ्या बाईच्या तोंडून आला तो तळतळाट होता. स्तोत्रकर्त्यांनाही तो ठाऊक होता. १३७वं स्तोत्र आपण उपासनेत वाचतो तेव्हा बाबेलच्या नद्यांपाशी थांबतो आणि शेवटच्या ओळी गाळतो. त्या का गाळतो, हे सगळ्यांना माहीत आहे. तरीही त्या पवित्र शास्त्रात आहेत. नीनाच्या हातून बंदूक सुटली आणि तिथे गाणं आलं, हे तरी आपण पाहायला हवं.

जॉन कोल्ट्रेनची गोष्ट अगदी वेगळी. त्याने एक शब्दही उच्चारला नाही. दोन्हीकडचे आजे पाळक, बालपण चर्चमध्ये गेलेलं, आणि वाद्य सॅक्सोफोन. १८ नोव्हेंबर १९६३ रोजी, म्हणजे स्फोटानंतर दोनच महिन्यांनी, त्याने आपल्या तीन साथीदारांबरोबर पाच मिनिटांची एक रचना वाजवली. तिचं नाव फक्त ‘अलाबामा’. मराठी कानाला ती परकी वाटू नये. सुरुवातीला ताल नाहीच. खाली पियानो तंबोऱ्यासारखा एकाच स्वरावर घुमत राहतो आणि वर सॅक्सोफोन आलापासारखा, एकेक वाक्य बोलून थांबत जातो. मध्ये थोडा वेळ लय सुरू होते, मग तीही सुटते, आणि पुन्हा तोच आलाप. शेवटी खालून ढोल असे उसळतात की मन घाबरं होतं. पुष्कळ जण सांगतात, की या स्वरवाक्यांची घडण किंग यांच्या अंत्यविधीच्या भाषणावरून आली आहे. कोल्ट्रेनने स्वतः तसं लिहून ठेवलेलं नाही, पण ऐकताना ते पटतं. उपदेशक बोलतो, थांबतो, मंडळी हुंकार देते, तसं ते आहे. पुढच्याच वर्षी त्याने ‘अ लव्ह सुप्रीम’ केलं, त्याच्या शेवटच्या भागात तर स्वतः लिहिलेली प्रार्थना तो शब्द न उच्चारता वाद्यावर म्हणतो.

किंग यांचं ते भाषण १८ सप्टेंबरचं, तिघी मुलींच्या दफनविधीचं. कॅरोलचा विधी तिच्या घरच्यांनी आदल्या दिवशी वेगळा केला होता. भाषणात किंग म्हणाले, की या मुली आपल्या प्रत्येकाला काही सांगत आहेत, आणि ज्यांना त्या सांगत आहेत त्यांच्या यादीत त्यांनी सगळ्यात आधी सुवार्तेचे सेवक घातले, रंगीत काचांच्या आड सुरक्षित बसून गप्प राहिलेले. ज्या शहरात तीन दिवसांपूर्वी त्या काचा फुटल्या होत्या तिथे हे बोलणं काय लागलं असेल!

मत्तयाचा पाचवा अध्याय त्या दिवशी धड्यात होता. त्याच शुभवर्तमानात पाचव्याच्या आधी दुसरा अध्याय येतो. हेरोदाने बेथलेहेमची बालकं मारली, आणि तिथे मत्तयाला यिर्मयाच्या ग्रंथातली राहेल आठवते, आपल्या लेकरांसाठी रडणारी आणि कुणाचंही सांत्वन घ्यायला तयार नसलेली. मत्तय तिची समजूत काढत नाही. तो तिला तशीच रडत ठेवून पुढे जातो. नाताळाच्या कार्यक्रमात आपण ज्ञानी लोक आणतो, मेंढपाळ आणतो, राहेलीला कुणी आणत नाही. ‘अलाबामा’ ऐकताना मला ती भेटते. शत्रूवर प्रीती करण्याची आज्ञा डोंगरावर सांगितली गेली, तोवर बेथलेहेमच्या त्या आया जिवंत असतील तर म्हाताऱ्या झाल्या असतील. तीस वर्षं मध्ये गेली होती. आणि आपण मात्र दफनाच्या दिवशीच घरच्यांना विचारतो, माफ केलं ना?

जोन बाएझने गायलेलं ‘बर्मिंगहॅम संडे’ याच घटनेवरचं. रिचर्ड फरीन्या या तिच्या मेहुण्याने ते एका जुन्या स्कॉटिश चालीवर लिहिलं आणि त्यात चौघींची नावं एकेक करून घेतली आहेत. गाणं गोड आहे. मला ते जरा जास्तच गोड वाटतं.

इकडे कायद्याचं काय? १९६५पर्यंत एफबीआयला चार संशयितांची नावं माहीत होती. १९६८मध्ये त्यांनी कुणावरही आरोप न ठेवता तपास बंद केला. पुढे बिल बॅक्सली हा तरुण वकील अलाबामाचा महाधिवक्ता झाला, त्याने फाइल पुन्हा उघडली, आणि १९७७ साली रॉबर्ट चॅम्ब्लिस याला शिक्षा झाली. त्याच्याविरुद्ध साक्ष देणाऱ्यांत त्याची भाची होती. एलिझाबेथ कॉब्स तिचं नाव. तोवर ती मेथडिस्ट पाळक झाली होती. स्फोटाच्या आदल्या दिवशी तो काय बोलला होता ते तिने न्यायालयात उभं राहून सांगितलं. आपल्या समाजात नात्यातल्या माणसाविरुद्ध साक्ष देणं किती जड जातं ते आपण जाणतो. तिथेही ते सोपं नव्हतं. निकालाची तारीख १८ नोव्हेंबर. बरोबर चौदा वर्षांपूर्वी याच दिवशी कोल्ट्रेनने ‘अलाबामा’ वाजवलं होतं. हा निव्वळ योगायोग, पण लक्षात राहतो. बाकीच्यांपैकी टॉमस ब्लँटन याला २००१मध्ये आणि बॉबी फ्रँक चेरी याला २००२मध्ये जन्मठेप झाली. चौथा, हर्मन कॅश, १९९४ साली वारला. त्याच्यावर कधीच खटला चालला नाही.

स्पाइक ली याचा ‘फोर लिटल गर्ल्स’ हा माहितीपट १९९७चा. एफबीआयने तपास पुन्हा सुरू केल्याची बातमी त्याच सुमारास बाहेर आली, म्हणून काही जण म्हणतात चित्रपटाने खटला उघडला. तपास आतून आधीच सुरू झाला होता, तेव्हा ते श्रेय चित्रपटाला देणं बरोबर नाही. त्याचं मोल दुसरीकडे आहे. ली विद्यार्थी होता तेव्हाच त्याने डेनीसचे वडील क्रिस मॅकनेअर यांना पत्र लिहिलं होतं, पण ते तेव्हा बोलायला तयार नव्हते. चित्रपट व्हायला दशकाहून अधिक काळ गेला, आणि ती वाट पाहणं चित्रपटात दिसतं. कॅमेरा आईबापांच्या चेहऱ्याजवळ जातो आणि तिथेच थांबतो, त्यांना बोलायची घाई करत नाही.

क्रिस मॅकनेअर एक प्रसंग सांगतात. डेनीस लहान असताना ते तिला दुकानात घेऊन गेले होते. दुकानातल्या उपाहारगृहातून कांदा परतल्याचा वास येत होता, तिला सँडविच हवं होतं. तिथे काळ्यांना बसू देत नसत. तुला ते मिळणार नाही आणि का मिळणार नाही, हे त्या दिवशी बापाने मुलीला सांगितलं. स्फोटाविषयी बोलताना ते जितके स्थिर आहेत, तितके हे सांगताना नाहीत. वंशद्वेष म्हणजे काय यावर मी बरंच वाचलं आहे, पण त्या कांद्याच्या वासाने जे कळलं ते पुस्तकांनी कळलं नव्हतं.

कॅरोलची आई अल्फा रॉबर्टसन म्हणतात, की राग होता, द्वेषही होता, आणि त्याच्याशी आपल्याला झगडावं लागलं. त्यांच्या बोलण्यात ‘मी माफ केलं’ असा सोयीचा शब्द नाही. वर्षानुवर्षांचं काम आहे. पुढे २००१च्या खटल्यात त्या साक्षीला उभ्या राहिल्या, वार्धक्यात. क्षमा आणि साक्ष या दोन गोष्टी एकाच बाईच्या ठायी राहू शकतात, हे ज्यांना पटत नाही त्यांनी उत्पत्तीच्या ४५व्या अध्यायातला योसेफ पाहावा. भावांना जवळ घेण्याआधी तो त्यांना आपली ओळख देतो, आणि ती देताना आपल्याला विकलं होतं हे गाळत नाही.

उलट टोकाला जॉर्ज वॉलेस. १९६३चा गव्हर्नर, भेदभाव कायम राहील अशी घोषणा करणारा. चित्रपटात तो म्हातारा, आजारी आहे, आणि आपला जिवलग मित्र म्हणून एका काळ्या सेवकाला कॅमेऱ्यासमोर पुन्हा पुन्हा ओढतो. त्या सेवकाच्या चेहऱ्यावरचं अवघडलेपण पाहा. पश्चात्तापाशिवायचा समेट कसा दिसतो, ते तिथे दिसतं.

एक गोष्ट मला चित्रपटाच्या नावाबद्दल आणि त्या सगळ्या गाण्यांबद्दल म्हणायची आहे. चार हा आकडा इतका पक्का बसला की त्याच्या बाहेरचे विसरले गेले. त्याच दिवशी दुपारी बर्मिंगहॅममध्ये आणखी दोन काळी मुलं मारली गेली. १६ वर्षांच्या जॉनी रॉबिन्सनला पोलिसाने पाठीत गोळी घातली. १३ वर्षांचा व्हर्जिल वेअर भावाच्या सायकलच्या हँडलवर बसून चालला होता, त्याला एका गोऱ्या पोराने गोळी घातली. त्यांच्यावर प्रसिद्ध गाणं नाही. आणि सारा कॉलिन्स तर जिवंत होती. एक डोळा गेलेली, दवाखान्याची बिलं भरणारी, आयुष्यभर काचेचे कण अंगात वागवणारी. अलाबामाच्या गव्हर्नरांनी तिची लेखी माफी मागितली ती २०२० साली, ५७ वर्षांनी.

चेहरा गेलेल्या त्या खिडकीची बातमी वेल्समध्येही पोहोचली. तिथले काचचित्रकार जॉन पेट्स यांनी नवी खिडकी करून द्यायचं ठरवलं आणि कार्डिफच्या ‘वेस्टर्न मेल’ या वर्तमानपत्राने वर्गणी गोळा केली. अट अशी, की कुणीही अर्ध्या क्राउनपेक्षा जास्त द्यायचं नाही. एखाद्या धनिकाने सगळा खर्च उचलून मोकळं व्हावं असं त्यांना नको होतं. शाळकरी मुलांनी नाणी आणून दिली. १९६५मध्ये ती खिडकी बसली. तिच्यातला ख्रिस्त काळा आहे, हात पसरलेला. एक हात अन्यायाला दूर लोटतो, दुसरा क्षमा देऊ करतो. खाली मत्तयाच्या २५व्या अध्यायातल्या त्या वचनाचा आधार आहे, ज्यात प्रभू म्हणतो की लहानातल्या लहानाला जे केलं ते त्यालाच केलं.

आपल्या मराठी मंडळ्यांनी हे दूरदेशीचं म्हणून बाजूला ठेवू नये. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ अर्पण केली ती गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्या अमेरिकेतल्या सज्जनांना. दोन्हीकडच्या दुःखाचं नातं त्यांनी तेव्हाच ओळखलं होतं. शाळेत आपण सगळे ‘हम होंगे कामयाब’ म्हणत आलो, त्याचं मूळ गाणं बर्मिंगहॅमच्या त्या चळवळीत घुमत होतं आणि त्याची मुळं काळ्या मंडळ्यांच्या गीतांत आहेत. आपण ते प्रजासत्ताकदिनाला म्हणून घरी जातो. आणि सोयरीक जुळवताना बाप्तिस्मा झालेल्या घरांतही ‘पूर्वीचे कोण?’ हा प्रश्न अजून हळूच विचारला जातो. हे लिहिल्याबद्दल कुणी रागावणार असेल तर रागवावं.

तरुण संघासाठी ‘फोर लिटल गर्ल्स’ दाखवायचा विचार चालला आहे, म्हणून थोड्या सूचना. चित्रपट पावणेदोन तासांच्या आसपास आहे. त्यात शवागारातली काही छायाचित्रं क्षणभर येतात. ती ठेवावीत की नाही याचा दिग्दर्शकानेही बराच विचार केला होता. १९५५ साली एमेट टिल या मुलाच्या आईने शवपेटी उघडी ठेवायला लावली होती, तोच हा विचार: पाहा, काय केलं ते. तरी बारा वर्षांखालच्या मुलांना बसवू नये असं मला वाटतं. शब्बाथशाळेच्या शिक्षकांनी आधी स्वतः पाहावा. चित्रपट संपल्याबरोबर समारोपाचं गीत लावू नये, दिवे थोडे उशिराच लावावेत. मुलांना कागद द्यावेत आणि फळ्यावर ही नावं लिहावीत, चित्रपटात आहेत ती आणि नाहीत तीही: ॲडी मे, सिंथिया, कॅरोल, डेनीस, जॉनी, व्हर्जिल. आणि सारा, जी वाचली.